कापराने वितळलेली अदालतीची मोहर

मुलांनो, तुमच्या तिकडची कंपनी मोडली आणि अदालतीने तिच्यावर रिसीव्हर नेमला, हे परवा फोनवर कळलं. "आजी, तुला नाही समजायचं ते," असंही ऐकलं. म्हणून आजच लिहायला बसले. रिसीव्हर मी दहाव्या वर्षी सेलूत पाहिला आहे.

निजामाचं राज्य होतं. आप्पा, म्हणजे माझे वडील, आणि त्यांचा एक भागीदार यांची कापसातून सरकी काढायची जिनिंग कंपनी होती. दोघांचं बिनसलं, कंपनी मोडली, दावा अदालतीत गेला. एकाच गोदामात असलेल्या यंत्रांवर आणि कापसावर कुणाचाच हक्क चालेना. निकाल लागेपर्यंत हे सगळं सांभाळायला अदालतीने परभणीचे एक वकील रिसीव्हर नेमले. त्यांनी आतल्या एकेका वस्तूची यादी केली, दाराला कुलूप घातलं आणि कुलपावर लाखेची मोहर उठवली. "मोहर मोडली तर कैद," असं आधी उर्दूत, मग मराठीत बजावून ते गेले.

मग खंडेनवमी आली. दरवर्षी त्या दिवशी यंत्रांची पूजा व्हायची.

"यंत्रं आत हायेत तर दाराला पुजा," माय म्हणाली. "खाडा नको."

आप्पांनी कुलपाला विभूती लावली, झेंडू खोचला आणि कापूर ओवाळला. डोळे मिटलेले, हात कुलपाखाली तसाच थांबलेला. लाख आधी चकाकली, मग दारावरून ओघळायला लागली.

"आप्पा, मोहर!" मी ओरडले. तोवर अक्षरं गेली होती.

भागीदार समोरच्या ओट्यावरून बघत होता. "आता कापूस कुठं नेला म्हणून इचारतील तुमाला," तो म्हणाला आणि हसला.

मामा हळूच म्हणाला, "दाजी, माझ्याकडं लाख हाय. देतो थापून. कोण बघायलंय?"

"अदालतीचं खोटं नाव मी उठवू?" आप्पा म्हणाले, आणि त्यांनी रिसीव्हरला स्वतःच चिठ्ठी धाडली.

चार दिवस उत्तर नाही. आप्पा लिंगपूजेला बसायचे आणि मधेच दारापाशी जाऊन यायचे. माय पोळी तव्यावर जाळायची. परभणीच्या गाडीची शिट्टी झाली की मी रस्त्यावर धावायचे.

पाचव्या दिवशी वकीलसाहेब आले. कुलपातलं सुकलेलं फूल बघून म्हणाले, "पूजा कुणाची केली? अदालतीची?"

"यंत्रांची, साहेब. कुलूप मधी आलं."

ते हसले नाहीत. त्यांनी भागीदारालाच पंच म्हणून आत नेलं आणि यादी एकेक करून ताडली. आप्पा उंबऱ्याबाहेर उभे. मी त्यांचं धोतर धरून. दुपार कलली तरी आतून नुसते आवाज येत होते.

अखेर ते बाहेर आले. सगळं जागच्या जागी होतं. कापराच्या आचेने मोहर वितळली, माल हलला नाही, असा पंचनामा त्यांनी लिहिला. भागीदाराने मुकाट्याने सही केली. आप्पांनीही केली.

नवी मोहर उठवताना वकीलसाहेब म्हणाले, "शेठ, कापसाच्या गोदामाला कापूर लावलात! मोहरेवर निभावलं. गोदाम पेटलं असतं तर मी यादी कशाची ताडली असती?"

तेव्हा कुठे आप्पा दगडावर बसले.

पुढे अदालतीच्या हुकमाने सगळं विकलं गेलं. जिनिंग आता नाही. पंचनाम्याची एक प्रत माझ्याकडे आहे, आणि तिच्यावरच्या दोन्ही सह्या अजून वाचता येतात.