वहिनीची उलटी पिशवी

गल्लीत कुठलंही लेकरू रडलं की यमुनावहिनी हातातलं काम टाकून धावत. "कोनाचं हाये हे मंग इचारा, पयले उचला," असं म्हणायच्या. वांकिडीच्या भाजीवाल्यांची ही लेक माझ्या थोरल्या भावाला दिलेली. नार्नूरजवळच्या आमच्या घरी त्या आल्या तेव्हा मी आठवीत होते. परसात त्यांनी वांगी लावली. एक झाड फळेना म्हणून आई ते उपटायला निघाली, तर म्हणाल्या, "राहू द्या ना आत्याबाई, येईन त्याची बी वेळ."

लग्नाला चार वर्षं झाली, मूल नाही. आदिलाबादला तपासणी झाली. डॉक्टरीणबाईंनी नवराबायकोला मिळून पुन्हा बोलावलं होतं. पण कापूस वेचणीचे दिवस, दादा गेलाच नाही. रिपोर्ट इंग्रजीत. घरात इंग्रजी वाचणारी मी एकटी, बारावीतली. 'रेट्रोव्हर्टेड' हा शब्द मी डिक्शनरीत शोधला आणि सगळ्यांसमोर ऐटीत सांगितलं, "वहिनीची पिशवी उलटी हाये."

पाण्याच्या पितळी गुंडाकडे बोट दाखवत आई म्हणाली, "उलट्या गुंडात पानी रायते काय?"

पुन्हा कुणी दवाखान्यात गेलं नाही. दादाही कापसाच्या कामातच राहिला. दोन महिन्यांत वहिनींचा भाऊ येऊन त्यांना घेऊन गेला. निघताना त्यांनी माझ्या गालावरून हात फिरवला. "मंगल, तू शिकनं सोडू नको," एवढंच बोलल्या. पुढच्या उन्हाळ्यात दादाचं दुसरं लग्न झालं.

माझं लग्न झालं, दिवस राहिले. तिसऱ्या महिन्यात सोनोग्राफी करताना डॉक्टरांनी तोच शब्द उच्चारला आणि मी टेबलावरच रडायला लागले. त्यांना काही कळेना. मग त्यांनी समजावलं, की पिशवी उलटी नाही, नुसती मागे झुकलेली आहे. बऱ्याच बायकांची असते. सहसा त्यानं दिवस राहायचं अडत नाही, आणि मूल वाढू लागलं की ती बहुतेक आपोआप वर उचलली जाते. माझं बाळंतपण सरळ पार पडलं.

पोरगी सहा महिन्यांची झाल्यावर तिला घेऊन मी वांकिडीला गेले. वहिनी बाजारात भाजी विकत होत्या. मला पाहताच त्यांनी पोतं झटकून जागा केली. मी सगळं सांगितलं, माफी मागितली.

त्या पालकाच्या जुड्या बांधत राहिल्या. मग म्हणाल्या, "मले ठाऊक हाये. इकडच्या डॉक्टरनं कवाच सांगतलं."

"मंग तुमी वापस काऊन नाही आल्या?"

"मले बलावलं कोनी?"

परत आल्यावर मी दादाला सांगितलं. "आता सांगून काय करतं?" म्हणाला आणि शेताकडे निघून गेला. आईला मी सांगितलंच नाही. वहिनींना वांझ समजतच ती वारली.

यंदा वहिनीही गेल्या, तापानं. मला ते महिन्यानं कळलं, तेही बाजारातल्या एका बाईकडून. त्यांच्या माहेरी मला कळवायचं कुणाला सुचलं नसेल. मी त्यांची आता कोण होते?