पेटंटमिस्त्री

मिस्त्रीचाचा माणसांशी कमी आणि मशीनशी जास्त बोलायचे. शेवयांच्या मशीनला कान लावून "काय दुखतंय गं तुला?" असं विचारायचे आणि उत्तर मिळाल्यासारखी मान हलवायचे. आम्ही शिवाजी पेठेतल्या बायका तोंडाला पदर लावून हसायचो.

शेवईचा धागा तुटू न देणारं ते मशीन त्यांनीच डोकं चालवून जुळवलेलं. त्याचं पेटंटही काढलं, म्हणून पेठेनं नाव पाडलं पेटंटमिस्त्री. पहिलं मशीन मीच घेतलं. आमचे हे गेल्यावर माझं घर त्या शेवयांवरच चाललं, खोटं कशाला सांगू?

मग चाची वारल्या. चाचांना दुकानात करमेना. त्याच वर्षी त्यांनी मुंबईच्या एका कारखान्याला पेटंट विकलं. कागद इंग्रजीत. चाचांना वाटलं, आपण नुसता नमुना दिला. त्यांनी तिकडं मशीन करावीत, आपण इकडं. मला म्हणाले, "म्हस विकली म्हणून धार काढायची इसरतोय व्हय वैनी मी?"

पुढं कारखान्याचा माणूस माझ्या दारात उभा. "बाई, या मशीनचे मालक आता आम्ही. हे बंद करा, आमचं नवं घ्या." माझ्या हातातलं पीठ हातातच राहिलं. चाचांना हाक मारली, तर ते तसेच मला वकिलाकडं घेऊन गेले.

वकिलांनी माझी पावती बघितली. "घाबरू नका. तुम्हाला विकलं तेव्हा पेटंट मिस्त्रींचंच होतं. खुशाल वापरा, दुरुस्त करा, कुणाची आडकाठी नाही."

मी हुश्श केलं. तोवर ते चाचांकडं वळले. "मिस्त्री, तुम्ही मात्र आता नवं एकही करायचं नाही."

"माझं मलाच?"

"हक्क विकलात की हो. मुदत संपेपर्यंत नाही."

येताना मी बडबडत पुढं, चाचा मागं. 

त्यानंतर दर शुक्रवारी नमाज झाला की तेलाची बुधली घेऊन यायचे. "दुरुस्ती चालतीय की. वकीलच म्हणलाय." बिघडलेलं काही नसायचं. तरी सगळं खोलायचे, पुसायचे, परत जोडायचे. चहा निवून जायचा.

एका उन्हाळ्यात मशीनचं बिडाचं अंगच तडकलं. ते नवं ओतायचं म्हणजे नवं मशीनच केल्यासारखं. मी म्हटलं, "गुपचूप नवं ओतून घ्या चाचा. कोण बघतंय?"

"मी बघतोय की."

लोखंडी पट्ट्या मारून त्यांनी ते चार महिने चालवलं. मग थांबलंच. मला कारखान्याचं घ्यावं लागलं. हुबेहूब तसंच होतं बघा. शुक्रवारी चाचा बुधली घेऊन आले, उंबऱ्यातून त्याच्याकडं बघितलं, म्हणाले, "ब्येस हाय," आणि आत न येताच परतले. मी चहा टाकला होता.

नंतर लेकीकडं कोडोलीला गेले. तिथंच संपले. मला आठ दिवसांनी कळलं.

पुढं काही वर्षांनी वकील बाजारात भेटले. "वैनी, मिस्त्रींच्या त्या पेटंटाची मुदत संपली. आता ते मशीन कुणीही करावं."

मी भाजीची पिशवी या हातातून त्या हातात घेतली. बातमी तर मोठीच होती. पण ती सांगायला पेठेत कुणाच्या दाराशी जायचं, तेच मला सुचेना.