नथूची गटारीची गाडी

आषाढ सरत आला की धसईच्या बाजारात गावठी कोंबडीचा भाव चढतो आणि वडाच्या वाडीतल्या बायकांचा पारा. गटारी जवळ आली हे सांगायला पंचांग लागत नाही. उद्यापासून श्रावण, म्हणजे महिनाभर मटण बंद, दारू बंद, काही घरांत तर दाढीसुद्धा बंद. तेव्हा महिनाभराचं सगळं आजच पोटात भरून घ्या, असा हा सण. याला पुजारी लागत नाही आणि भक्तांना तोटा नाही. त्या दिवशी दुपार कलली की अख्खं गाव आडवं होतं आणि एकच बाप्या उभा असतो, तो नथू. बैलगाडी जुंपून.

अंगाने काटकुळा, मिशी मात्र दोन माणसांना पुरेल एवढी, आणि तोंडात शब्द मोजके. हा नथू आधी सगळ्यांसारखाच गटारी करायचा. एक्क्याण्णव साली तो आणि त्याचा थोरला भाऊ मंगळू ओहोळावरून पिऊन बरोबरच निघाले आणि घरी पोचला एकटा नथू. मंगळू सकाळी खाचरात पालथा सापडला. पाणी घोट्याच्या वर नव्हतं. त्या पाण्यात कोंबडीसुद्धा बुडाली नसती, आणि अंगापिंडाने धडधाकट, दोन पोती एका दमात उचलणारा माणूस बुडाला.

नथूने त्यानंतर थेंब घेतला नाही. पण त्याने कुणाला प्रवचनही दिलं नाही, आणि हेच गावाला फार आवडलं. पुढच्या गटारीला त्याने गाडीत पेंढा पसरला, पाखऱ्या आणि कौल्या जुंपले आणि ओहोळाकडून सुरुवात करून बांधाबांधावर पडलेले सगळे गडी गोळा करत आणले. प्रत्येकाला कुशीवर निजवायचं, उताणा नाही, म्हणजे ओकला तरी गुदमरायचा नाही, ही त्याची रीत. मग दारादारात गाडी थांबवायची आणि हाळी घालायची, “घ्या गो, तुमचं पोतं आलं.” बायका कडाकडा बोटं मोडत बाहेर यायच्या आणि पोतं आत ओढून घ्यायच्या. ज्याला स्वतःचं घर आठवत नसे किंवा ज्याच्या घरची कडी आतून लागलेली असे, तो माल नथूच्याच ओटीवर उतरायचा. तिथे नथूची बायको बाईजा मीठ घातलेलं आंबट ताक घेऊन तयार असायची. ती शिव्याही द्यायची, पण ताक आधी.

या कामात नथूने माणूस जितका ओळखला, तितका तलाठ्यानेही ओळखला नसेल. पिलेला माणूस कधीही मी प्यालोय म्हणत नाही. तो म्हणतो, आज एकादशी धरलीय. तो म्हणतो, चक्कर आली, पित्त झालं, चप्पल शोधतोय. सावळाराम तर एकदा बाभळीला मिठी मारून म्हणाला होता की झाड पडतंय, मी धरून ठेवलंय, सोडलं तर गावावर येईल. नथूने झाडाला दोन मिनिटं आपण धरतो असं सांगून त्याला गाडीत घातलं.

हा सावळाराम म्हणजे गावातलं चालतं कोर्ट. दारूच्या बाजूने तो कुठलाही खटला जिंकायचा. दोन हजार चार साली श्रावणातच अधिक महिना आला, तेव्हा त्याच्या बुद्धीला पालवी फुटली. गटारी जुलैत रीतीप्रमाणे झाली होती, पण लावणीचे दिवस, अर्धे गडी चिखलात, कुणाची हौस म्हणून फिटली नव्हती. सावळारामने पारावर मांडणी केली ती अशी. अधिक महिना हा मलमास, त्यात लग्न लागत नाही, मुंज लागत नाही, कुठलंच शुभकार्य धरत नाहीत. मग श्रावण तरी कसा धरायचा? खरा श्रावण पुढच्या महिन्यात. म्हणजे खरी गटारी या महिन्याच्या अमावस्येला. कुणीतरी विचारलं की मग जुलैत झाली ती कोण? ती तालीम, सावळाराम म्हणाला. बायकांनी कपाळावर हात मारले. पण धाऊसारख्या भाविक माणसालाही हे शास्त्र पटलं. हा धाऊ गळ्यात तुळशीची माळ घालायचा आणि गटारीला तेवढी काढून खुंटीला टांगायचा.

ती दुसरी गटारी आली पंधरा ऑगस्टला, रविवारी. झेंडावंदन झालं, पोरांना शाळेत गोळ्या वाटल्या गेल्या. सरकारी दुकानाला त्या दिवशी टाळं, पण मोहाच्या झाडाला कुणी टाळं लावलं नव्हतं. सगळं जमून आलं होतं, फक्त नथूचा जीव टांगणीला लागला होता.

त्याचं कारण त्याची लेक रेश्मा. त्याच वैशाखात ती वाशिंदला दिली होती. जावई शेखर कारखान्यात कामाला, गुणी पोरगा. पण त्याचे वडील दामूबुवा कडक माळकरी, पांढरं धोतर, कपाळाला बुक्का. वडाच्या वाडीची सोयरीक म्हटल्यावर त्यांनी दोनदा नकार दिला होता. नथू पीत नाही याची चौकशी केली, तेव्हा तिसऱ्यांदा कुठे मान हलवली आणि हलवताना अट घातली. सासुरवाडीच्या गावात एकजण जरी पिऊन पडलेला दिसला, तरी सुनेचं माहेर बंद. बुवा बोलले ते करणारे आहेत हे रेश्मा चार महिन्यांत ओळखून चुकली होती.

आणि अधिक महिना म्हणजे धोंड्याचा महिना. जावयाला बोलवायचं, पुरण भरलेले धोंडे जेवायला घालायचे, तेहतीस अनारशांचं वाण द्यायचं. शेखरला रजा मिळेना, शेवटी महिन्याचा शेवटचा रविवार मिळाला. शेखर आणि रेश्मा आदल्या दिवशीच आले. दामूबुवांनाही आग्रहाचं बोलावणं होतं आणि ते दुपारच्या एस.टी.ने येतो म्हणाले होते.

नथूला दोन्ही गोष्टी एकाच दिवशी आल्याचं कळलं तेव्हा तो आयुष्यात पहिल्यांदा पारावर जाऊन हात जोडून उभा राहिला. एवढा एक दिवस दम धरा, माझ्या लेकीचं माहेर जाईल, असं तो म्हणाला. गाव गहिवरलं. सावळारामचे तर डोळे भरून आले. दम धरण्याचं त्याने कबूल केलं नाही, पण छातीवर हात ठेवून शब्द दिला, “नथू, तुझ्या व्याह्याला गावात एक पिलेला माणूस दिसला तर माझी मिशी उतरव.” आणि शब्दाला जागून त्याने सगळ्या मंडळींना मटणाच्या टोपासकट गावाबाहेर हलवलं, ओहोळापलीकडे, हमरस्त्यावरून दिसणार नाही अशा आडोशाला. एस.टी.चा फाटा एका टोकाला, मंडळी दुसऱ्या टोकाला. यात चूक काढायला जागा नव्हती.

गाडीचं काय करायचं? नथू फाट्यावर व्याह्यांना आणायला जाणार, आणि ओहोळाकाठी माणसं तशीच सोडणं त्याला जमेना. त्याने वरच्या वाडीतल्या कमळूला बोलावलं. कमळू लावणीला त्याच्याकडे असायचा, एकवचनी माणूस. वैशाखात तो वीटभट्टीवर होता, त्यामुळे रेश्माचं लग्न त्याने पाहिलं नव्हतं. नथूने बैलांचा कासरा त्याच्या हातात देऊन सांगितलं, “उभा असंल त्याला सोड. बसलेला असंल त्याला उचल. नि काय बोलतो ते ऐकू नको, सगळे असंच बोलतात.” कमळूने मान डोलावली. त्याला एकदा सांगितलं की पुन्हा सांगावं लागत नसे.

आता दामूबुवांचं झालं असं, की मुरबाडला त्यांना एस.टी.च्या आधी जीप मिळाली. जीपवाल्याने त्यांना फाट्याच्या अलीकडेच उतरवलं आणि बांधावरची जवळची वाट दाखवली. वाट खरंच जवळची होती. ती बरोबर ओहोळापलीकडच्या आडोशाजवळून जात होती.

बांध निसरडे होते. बुवा हरी हरी करत, धोतर सावरत चालले होते, तोच पाय घसरला आणि ते छत्रीसकट खाचरात गेले. वर आले ते नखशिखांत चिखल होऊन. घोटा मुरगळला होता. उभं राहायला गेले की झोकांडी जाई, म्हणून बांधावरच बसले आणि हरिनाम घेऊ लागले. कमळू गाडी घेऊन आला तो नेमका तेव्हा. चिखलात लोळलेला, बसलेला, झोकांडी खाणारा आणि आपल्याशीच बडबडणारा माणूस. कमळूने खाली उतरून बाह्या सरसावल्या.

“मी घेतली नाय रे बाबा,” बुवा म्हणाले. “मी माळकरी हाये.”

“सगळे असंच बोलतात,” कमळू म्हणाला. “माळ धाऊच्या पण गळ्यात हाये. बसा.”

खरंच होती. त्या दिवशी गडबडीत धाऊ माळ खुंटीला टांगायची विसरला होता आणि गाडीत कुशीवर पडून भजन म्हणत होता. बुवांनी परोपरीने सांगितलं की मी नथूचा व्याही, मला नथूकडे जायचंय. कमळूने त्यांना अलगद उचलून पेंढ्यात ठेवलं आणि समजूत घातली, नथूकडे तर सगळ्यांनाच जायचं असतं. मग धाऊच्या कमरेची बाटली कलंडली आणि बुवांच्या धोतरावर सांडली. आता ते सगळ्या गावासारखे दिसत होते आणि वासही तसाच येत होता.

इकडे नथू फाट्यावर उभा. एस.टी. आली, गेली, व्याही उतरले नाहीत. बुवांना कुणीतरी काही सांगितलं आणि ते मुरबाडहूनच परत फिरले, अशी त्याची खात्री झाली. पाय ओढत तो घरी निघाला. वाटेत एकही पिलेला माणूस दिसला नाही. सावळारामने शब्द पाळला होता आणि त्याचा आता काही उपयोग नव्हता.

तो अंगणात शिरला तेव्हा कमळू शेवटचा माल उतरवत होता. सावळाराम ओटीवर पोचला होता. बाईजा सकाळपासून पुरणात आणि काळजीत बुडालेली, त्यात ही गटारीची वरात दारात, नेमकी आजच. चिखलातल्या एका माणसापुढे तिने ताकाचा गडू आदळला. गुमान पी नि कोपऱ्यात पड, माझे व्याही यायचेत, असं तिने त्याला बजावलं. तो माणूस गुमान ताक प्यायला. त्याच्या मांडीवर धाऊचं डोकं होतं आणि एका हाताने त्याने धाऊला कुशीवर धरून ठेवलं होतं.

तेवढ्यात रेश्मा अनारशांचं ताट घेऊन बाहेर आली आणि तिथेच थांबली. “आई गो,” ती हळूच म्हणाली, “ते आमचे मामंजी.”

धाऊचं भजन थांबलं. नथू पुढे झाला आणि त्याने चिखलासकट व्याह्यांचे पाय धरले. लेकीचं माहेर आज बंद झालं, हे त्याला पक्कं कळलं होतं.

दामूबुवांनी रिकामा गडू खाली ठेवला. त्यांनी सावळारामकडे पाहिलं. गाडीत सावळारामने त्यांचा हात हातात घेऊन रडत रडत मंगळूची सगळी हकिकत सांगितली होती, चार वेळा. उताणा नको, कुशीवर झोप, नाहीतर नथूला वाईट वाटतं, असंही बजावलं होतं.

“मी सोयरीक करताना इचारलं, गावात पितात किती,” बुवा म्हणाले. “उचलतो कोण, ते इचारायचं राहिलं. आमच्याकडं वाशिंदला रस्त्यात पडलेल्याला वलांडून जातात, नथूभाऊ. मी पण गेलोय, माळ घालून.”

मग त्यांनी बाईजाकडे वळून आणखी ताक आहे का विचारलं. बाईजा लाजेने अर्धी झाली होती, ती उरलेली अर्धी स्वयंपाकघरात पळाली. पाठोपाठ रेश्माला हसू फुटलं, मग शेखरला, आणि कमळू तेवढा गंभीरपणे म्हणाला की हे पोतं वाटेत बोलत होतं खरं, पण नथूने सांगितल्याप्रमाणे मी ऐकलं नाही.

धोंड्याचं जेवण झकास झालं. बुवा नथूच्या सदऱ्यात आणि लेंग्यात बसून जेवले. सावळाराम संध्याकाळी शुद्धीवर आला, समोर व्याही बघून त्याने आपली मिशी चाचपली आणि पुन्हा डोळे मिटून घेतले.

पुढच्या वर्षी गटारी एकच आली. सकाळच्या जीपने दामूबुवा रेश्माला घेऊन हजर झाले. सुनेला माहेरी पोचवायला आलो म्हणाले, पण पिशवीतून त्यांनी जुनं धोतर काढलं, कासोटा घट्ट मारला आणि गाडीत मागे जाऊन बसले. नथू बैल हाकणार, कमळू उचलणार आणि बुवा डोकी सांभाळणार, अशी वाटणी आपोआप झाली. ओहोळाजवळ पहिलाच भेटला धाऊ. या खेपेला तो आठवणीने माळ खुंटीला टांगून आला होता. पेंढ्यात बुवांना पाहून त्याने रिकाम्या गळ्याला हात लावला आणि आपण थेंबसुद्धा घेतलेला नाही, पित्ताने चक्कर आली, असं शपथेवर सांगू लागला.

दामूबुवांनी त्याच्या डोक्याखाली पेंढ्याची उशी सारखी केली. “सगळे असंच बोलतात,” ते म्हणाले. “कुशीवर झोप.”