नवनाथ मानेला पडलेलं एक मत

राजकारणात मी एकूण सतरा दिवस होतो. येरमाळ्याजवळच्या आमच्या गावात माझं सोयाबीनचं रान आहे आणि त्या रानाला धड वाट नाही. (वाट आहे, पण श्रावणात तिच्यात रुतलेला ट्रॅक्टर दसऱ्यालाच निघतो.) दरवर्षी मी ग्रामपंचायतीत जाऊन ओरडून यायचो. शेवटी आमचा थोरला भाऊ, दादाच वैतागला.

“किती दिस बोंबलणार? तूच उभा ऱ्हा. मेंबर हो आन् वाट करून घी.”

मी फॉर्म भरला. गावात मला सगळे आप्पा म्हणतात. नवनाथ केशव माने हे माझं खरं नाव सातबारा आणि लग्नपत्रिका सोडून कुठं वापरात नव्हतं. समोरच्या पार्टीनं ते शोधून काढलं. यादी लागली, तर माझ्या वरच आणखी एक उमेदवार होता: नवनाथ किसन माने. हा वरच्या आळीचा नाथा, शेळ्या राखणारा गरीब माणूस. नावाच्या घोळात माझी चार मतं त्याच्याकडं वळावीत, एवढ्यासाठी त्याला उभा केला होता.

दादाचा चेहराच उतरला. “वॉर्डात लई चुरस हाय. दोन मतं जरी तिकडं गेली तर आपण गेलो.”

मला चिन्ह मिळालं कपबशी, नाथाला बादली. मग मी घरोघर एकच पाठ लावला. नाव वाचू नका, कपबशी बघा. माणसं कंटाळली, पण मी हटलो नाही. सगळ्यात जास्त धास्ती होती ती घरातलीच. आमची चुलती गयाकाकू, वय झालेलं, अक्षरओळख नाही. रोज सकाळी मी तिच्यासमोर खरीखुरी कपबशी ठेवून तयारी करून घ्यायचो.

“काकू, नावाला फसू नका बरं.”

“मला वाचायलाच येत न्हाय. मी नावाला कशी फसंन?”

मतदानाच्या दिवशी मी आंघोळ करून, इस्त्रीची टोपी घालून सगळ्यांच्या आधी शाळेत पोचलो. पुठ्ठ्याच्या आडोशामागं गेलो आणि मशीनवर छापलेलं नवनाथ माने हे नाव बघून माझा ऊर भरून आला. आयुष्यभर चिखल तुडवलेल्या माणसाचं नाव सरकारनं मशीनवर छापलं होतं. त्या भरात मी बटण दाबलं. मशीन लांबलचक वाजलं. बोट उचललं तेव्हा शेजारचं चित्र दिसलं. बादली.

मी घाईनं टेबलापाशी आलो. “साहेब, एक डाव परत दाबू द्या की.”

“पुढं चला.”

“पर मी स्वतः उमेदवार हाय, साहेब.”

“मग तर लवकर पुढं चला.”

बाहेर दादा उभाच होता. “दिलं का नीट?”

“दिलं,” मी म्हणालो. एका मतानं काय होतंय, असं मी मतमोजणीपर्यंत स्वतःला समजावत राहिलो.

तालुक्याला मोजणी झाली. मी एका मतानं पडलो. नवनाथ किसन माने यांना मत एक, असं साहेबांनी वाचलं आणि सगळी खोली हसली. मी हसलो नाही. ते मत मला पडलं असतं तर बरोबरी होऊन चिठ्ठी टाकावी लागली असती. दादानं नाथाला कोपऱ्यात धरलं.

“तुझं तूच घेतलंस ना?”

“न्हाय दादा, येडाईशपथ. म्या कपबशीला दिलं. निवडून आलो असतो तर शेळ्या कुणी बघितल्या असत्या?”

वॉर्डाला कपबशी पाठ झाली होती, म्हणजे चूक घरातच झाली, असं दादानं ठरवलं. संध्याकाळी त्यानं देव्हाऱ्यातलं येडाई देवीचं कुंकू ताटात घेतलं आणि सगळ्यांना ओसरीत बसवलं. एकेकानं कुंकवाला हात लावून शपथ घ्यायची. सगळे बघत होते गयाकाकूकडं. ताट फिरत माझ्यापाशी आलं.

“येडाईशपथ,” मी म्हणालो, “म्या नवनाथ मानेलाच मत दिलं.” यातलं एक अक्षरही खोटं नव्हतं.

ताट काकूपुढं गेलं. या वयात घरच्यांनी आपल्याला चोर धरावं, हे तिला फार लागलं होतं. तिच्याकडं बघून मला माझीच लाज वाटली.

“कपबशीला दिलं,” ती म्हणाली. मग माझ्याकडं वळली. “आप्पा, समद्यांनी कपबशी म्हणलं. तूच एकट्यानं नाव का घेतलंस रं?”

सगळ्या माना माझ्याकडं वळल्या.

“बादली,” मी म्हणालो.

दादानं ताट उचललं आणि देव्हाऱ्यात नेऊन ठेवलं. (ओरडला असता तर बरं झालं असतं.) बायकोनं मला चहा दिला तो पितळी पेल्यातून. “कपबशी आता ऱ्हाऊ द्या,” एवढंच ती म्हणाली. मी काकूचे पाय धरले. तिनं पाय आवरून घेतले आणि मग पदर तोंडाला लावून हसत सुटली. सगळ्या वॉर्डात एकच माणूस नावाला फसला, तोही वाचता येणारा, आणि तो मी.

बातमी गावभर व्हायला सकाळ पुरली. उन्हं वर यायच्या आत नाथा दारात हजर. डोक्याला नवी टोपी.

“आप्पा, म्या ऐकलं. एवढ्या गावात तुमीच माझ्यावर विश्वास टाकला. पुढच्या बारीला मी मनापासून उभा ऱ्हायचं म्हणतोय. तुमचं मत धरू का?”

मी काही लगेच हो म्हणालो नाही. उमेदवार दारात आला की मतदारानं जरा भाव खायचा असतो, एवढं राजकारण आता मलाही कळत होतं.