हुलसूरवर खाली आलेलं विमान

माझे थोरले काका शिवशरण धबाले हुलसूरच्या आडत्याचे चिरंजीव. सोलापुरात कॉलेजला असताना महायुद्ध पेटलं आणि घरी न कळवता त्यांनी नौदलाच्या स्वयंसेवकांत नाव घातलं. तिथून त्यांना विलायतेला पाठवून वैमानिक केलं. डुलत्या जहाजावरून उडायचं आणि परत त्याच जहाजावर उतरायचं, असं ते काम. "उतरताना दर खेपेला तोंड कोरडं पडायचं," ते सांगत. युद्ध संपल्यावर हैदराबादला एका विमान कंपनीत लागले आणि लवकरच कप्तान झाले.

अठ्ठेचाळीसच्या उन्हाळ्यात निजामाच्या राज्यातल्या आमच्या सरहद्दीच्या गावांत रझाकारांची लुटालूट, जाळपोळ सुरू झाली. टपाल बंद पडलं. माझे वडील तिप्पण्णा आणि आजी गौरम्मा हुलसूरलाच होते. आजीला सगळे अव्वा म्हणत. काका दर दोन-चार दिवसांनी मुंबईचं विमान घेऊन गावाच्या बाजूनंच जात, पण इतक्या उंचावरून गाव म्हणजे काळ्या रानातला एक ठिपका. घरची माणसं जिवंत आहेत की नाहीत, काही कळायचं नाही. त्यांचं जेवण सुटलं. विमान बिदरच्या पुढं आलं की ते खिडकीतून खाली बघत राहायचे.

मे महिन्यातल्या एका सकाळी त्यांना त्या ठिपक्याशेजारी धूर दिसला. एक नाही, चार-पाच ठिकाणी.

त्यांनी विमानाचं नाक खाली केलं. शेजारी सहवैमानिक मकबूल होता.

"कप्तान साब, नक्को," तो म्हणाला. "पीछे लोगां बैठे हैं."

"माझी आई आहे खाली."

विमान उतरत गेलं. मारुतीचं देऊळ दिसलं, आमची गल्ली दिसली, मग माणसं दिसली. माणसं पळत होती. बैलं दावी तोडून उधळली होती. हिरव्या लुगड्यातली एक बाई ओढ्याच्या काठावर पडली, ती उठली नाही. तिच्या मागं कोण लागलंय म्हणून काकांनी पाहिलं. मागं कोणीच नव्हतं. ती वर बघत होती.

ही माणसं आपल्याला भिऊन पळताहेत, हे तेव्हा त्यांच्या ध्यानात आलं. त्यांनी विमान वर खेचलं. मागं उतारू ओरडत होते. मुंबईला उतरल्यावर त्यांना कमरेचा पट्टा सोडवेना, तो मकबूलनं सोडला.

पुढं थोड्याच दिवसांत भारत सरकारनं हैदराबादची नाकेबंदी केली आणि मुंबईची विमानं थांबली. काका हैदराबादेत अडकले. डोळे मिटले की ती हिरव्या लुगड्यातली बाई दिसायची. सप्टेंबरात पोलीस कारवाई होऊन रस्ते मोकळे झाल्यावर ते मिळेल त्या वाहनानं हुलसूरला पोचले. घराला कुलूप. गल्लीत एकटी शेजारची नागूबाई होती, म्हातारी आणि पायानं अधू.

"समदे गेले बार्शीकडं, छावनीत," ती म्हणाली. "इमान आलतं ना बाँब टाकायला. म्हून पळाले. मला कुठं पळता येतंय?"

"आणि धूर कशाचा होता, मावशी?"

"कसला धूर? रानात धसकटं पेटवली हुती ती? पेरनीच्या आदी पेटवत्यातच की."

काका तिथंच ओट्यावर बसले.

बार्शीजवळच्या निर्वासितांच्या छावणीत अव्वा सापडली. हिरव्या लुगड्यातली बाई तीच होती. ओढ्याकाठी पडून मांडीचं हाड मोडलेलं, बैलगाडीत घालून आणताना ते हललं आणि पुढं वाकडंच जुळलं होतं. काकांनी तिच्या पायाला हात लावला आणि म्हणाले, "अव्वा, ते विमान मीच आणलं होतं. तू जिवंत आहेस का बघायला."

माझे वडील उठून बाहेर गेले.

"यवढं खाली आलतास," अव्वा म्हणाली, "मंग हात तरी हलवायचा न्हाई का? म्या कामून पळाले असते?"

वडिलांनी मात्र वर्षभर भावाशी बोलणं ठेवलं नाही. काकांनी गावात परतल्यावर देवळापुढं सगळ्यांना खरं सांगितलं. कुणी शिव्या दिल्या, कुणी नुसतं बघत राहिलं. नंतर त्यांनी विमान चालवायचं सोडलं नाही, पण हुलसूर जवळ आलं की विमान होता होईल तेवढं वर ठेवायचे. वरून आवाज आला की अव्वा अंगणातून घरात यायची. मुलगाच असेल हे ठाऊक असूनही यायची.

छप्पन साली तिला डोळ्यांच्या इलाजासाठी मुंबईला न्यायचं ठरलं. काकांनी विमानात जागा ठेवली.

"मला भ्या वाटतं रं," ती म्हणाली.

"मलाही वाटतं," काका म्हणाले. त्यांनी रजा काढली आणि दोघं रेल्वेनं गेले.