खालच्या मजल्यावरचा नट

जपानमधल्या कावासाकी शहरात आमच्या खालच्या मजल्यावर एक फ्रेंच आजोबा राहायचे. त्यांची जपानी बायको वारली, तरी ते इथेच राहिले. फ्रान्समध्ये त्यांनी जन्मभर सिनेमात आणि टीव्हीवर कामं केली होती, हे कळल्यावर माझ्या भोचकपणाला ऊत आला. कुठली कामं? तर न्यायाधीश, वेटर, पाद्री, पहिल्याच प्रसंगात मरणारा काका. नायक एकदाही नाही. रस्त्यात लोक त्यांना थांबवून विचारायचे, "तुम्ही आमच्या बँकेत होतात का?" हे सांगताना त्यांचा चेहरा फुलून यायचा. आपल्याला कोणी ओळखलं नाही यात कसला आलाय आनंद, मला काही केल्या समजेना.

इथे मात्र त्यांना जाहिरातीत मागे नुसतं उभं करायचे. अखेर एका मालिकेत खरीखुरी भूमिका चालून आली, जपानमध्ये वाढलेल्या मुलीच्या परदेशी बापाची. पण तालमीहून परतताना ते जिन्यात भेटले ते उतरलेल्या चेहऱ्याने. दिग्दर्शकाला त्यांचं जपानी पसंत नव्हतं. आठवड्याभरात जमलं नाही, तर काम दुसऱ्याला जाणार होतं.

"या वयात पुन्हा कोण विचारणार मला?" ते म्हणाले.

आमचं बोलणं इंग्रजीत चालायचं, त्यामुळे त्यांचं जपानी कसं आहे हे मला ठाऊकच नव्हतं. मी लगेच पदर खोचला. "मी जपानीची परीक्षा पास झालेय. उद्यापासून चहाला या."

ते रोज येऊन बसायचे. संवाद मी वाचायचे, ते ऐकायचे. स्वतः वाचायचं नाव नाही, नुसते माझ्याकडे टक लावून बघायचे. माझी लेक वैतागायची. शाळेत मी तिच्या बाईंशी जपानीत बोलायला लागले, की तिला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. "आई, प्लीज, तू नको शिकवूस," असं ती बजावायची, तेही जपानीतच.

काम त्यांनाच मिळालं. मालिका लागली त्या दिवशी लेकीला शेजारी बसवून मी गुरूच्या थाटात टीव्ही लावला आणि गारच पडले. पडद्यावरचा बाप बोलण्याआधी आवंढा गिळत होता, बोटं चोळत होता, वाक्य अर्धवट सोडून उगाच हसत होता. ती मी होते, चुकांसकट!

मी तणतणत खाली गेले. "माझी नक्कल केलीत तुम्ही?"

"माझं जपानी फार सफाईदार होतं, हीच दिग्दर्शकाची तक्रार होती. त्यांना अडखळणारा बाप हवा होता," ते म्हणाले. मग चाचरत विचारलं, "जमलं का?"

इतक्या काळजीने विचारलं, की रागातही खोटं बोलवेना. "जमलं," मी म्हणाले.

वर आले, तर लेक अजून टीव्हीसमोरच होती. खिदळत असेल असं वाटलं होतं, पण तिने वळून माझ्याकडे पाहिलं.

"आई, बाईंशी बोलताना तू एवढी घाबरतेस?"

"हो."

"तरी शाळेत येतेस?"