पेंढ्याची उशी

काल दुबई मरीनातल्या फ्लॅटवर मुलाने रत्नागिरीहून आलेली हापूसची पेटी उघडली आणि आंब्याच्या आधी मला पेंढ्याचाच वास आला.

साठीच्या दशकात आम्ही दुबईत आलो, तेव्हा मी सहा वर्षांची होते आणि माझी मोठी बहीण, आपा, दहाची. इथलं पाणी मचूळ आणि वाळू तापलेली. गावच्या आठवणीने मी धड जेवेना की झोपेना. अशात मामूंनी आगबोटीने आंब्याची पेटी पाठवली. आंबे दोन दिवसांत संपले. अब्बा पेंढा शेजारच्या बकऱ्यांना टाकायला निघाले, तर आपाने तो हिसकावून घेतला. माझ्या उशीची शिवण उसवून कापूस काढला आणि पेंढा ठासून भरला.

"झोप आता. घरीच आहेस तू."

काड्या गालाला टोचत होत्या, पण आमचं अख्खं परसू नाकात शिरलं.

त्यानंतर रोज दुपारी आपाही माझ्याच उशीवर डोकं टेकायची. "तू घाबरतेस ना, म्हणून," असं म्हणायची. इतकी वर्षं मी ते खरंच मानलं.

काल तिला फोन करून पेटी आल्याचं सांगितलं. आंबे कसे आहेत, हे तिने विचारलंच नाही.

"पेंढा टाकू नकोस हां," ती घाईघाईने म्हणाली, "मी निघालेच."